आवाज वाढवणारा हात

मी एक जुना रेडिओ आहे. चांगला पोळ्यांच्या डब्याएवढा, उचलायला वर मूठ, समोर दोन बटणं. मित्रांनो, जन्माने मी जर्मन. संसार केला सीरियात आणि म्हातारपणी परत माहेरी आलो, कार्ल्सरूहे नावाच्या गावात. मग मराठी कुठे शिकलो म्हणाल, तर हल्ली माझा मुक्काम सुकन्याच्या खोलीत आहे. ती इथल्या विद्यापीठात पीएचडी करते आणि उरलेला वेळ सांगलीच्या आईशी फोनवर गप्पा मारते. मध्येच जर्मनमध्ये "गेनाऊ, गेनाऊ", म्हणजे "बरोबर, बरोबर" म्हणते आणि आईचा ओरडा खाते. लोकांना वाटतं रेडिओ नुसता बोलतो. छे! घरात रेडिओइतकं ऐकणारं दुसरं कोणी नसतं.

मला होम्स शहरात अदनानने आपल्या लग्नाच्या वेळी विकत घेतलं. त्याचं बटणं आणि लेस विकायचं छोटं दुकान होतं. त्याची बायको नजाह, आणि नजाहचा धाकटा भाऊ मुनीर. मुनीरचे आईवडील लवकर गेले, म्हणून तो बहिणीकडेच वाढला आणि पुढे शाळेत भूगोल शिकवू लागला. मला त्यांनी स्वयंपाकघरातल्या फळीवर बसवलं. पहिले काही महिने माझे काय लाड झाले म्हणून सांगू! नजाहने माझ्यासाठी क्रोशाचं झाकणसुद्धा विणलं होतं.

त्या देशात आधी बापाचं राज्य होतं, मग लेकाचं. दुकानात, शाळेत, बसमध्ये, जिकडे पाहावं तिकडे साहेबांचा फोटो. साहेबांचं भाषण लागलं की अदनान माझा आवाज मोठा करायचा. शेजाऱ्यांना कळायला हवं ना, की हे घर भाषण ऐकतंय! आणि घरात मनातलं काही बोलायचं असलं, तरीही तो माझा आवाज मोठा करायचा. तेव्हा मात्र शेजाऱ्यांना काही कळायला नको असायचं. बटाटे महाग झाले, एवढं म्हणायलाही आधी गाणी जोरात लावायची. अशी रीत तिथे घरोघरी होती. पण आमच्या घरी माझ्या बटणाला हात अदनानचाच. बोलणं जरा वळणावर आलं की तो मुकाट्याने उठायचा आणि बटण फिरवायचा. मला वाटायचं, या घराचा पहारेकरी मीच. काय तोरा होता माझा!

मग एक वर्ष असं उजाडलं की लोक रस्त्यावर उतरले. भिंतीवर काहीबाही लिहिलं म्हणून शाळकरी पोरांना पकडून नेल्याच्या बातम्या कानावर येऊ लागल्या. एका संध्याकाळी अदनान-नजाहची लेक बाहेर गेली होती आणि बाकी तिघं जेवायला बसले होते. अदनानने माझा आवाज वाढवला. मुनीर म्हणाला, "बाप गेला, लेक बसला. उद्या नातू बसेल, आणि मी वर्गात त्याचाही वाढदिवस साजरा करायचा? आता पुरे झालं." नजाहने त्याच्या तोंडावर हात ठेवला. माझ्या गाण्यात त्याचं बोलणं बुडून गेलं, असं मी समजलो.

त्याच आठवड्यात दोन माणसं शाळेत आली आणि मुनीरला वर्गातून घेऊन गेली.

तेरा वर्षं! नजाह कुठल्या कुठल्या तुरुंगाच्या दाराशी जाऊन उभी राहिली. अदनान प्रत्येक वेळी तिच्याबरोबर होता. तिला चक्कर आली की सावरायचा. घरी येऊन दोघं माझ्यासमोर बसून रडायची. पुढे युद्धात घर गेलं. त्यांची लेक जर्मनीत नर्स होती, तिने हमी देऊन आईवडिलांना बोलावून घेतलं. सामानातलं काय काय टाकून द्यावं लागलं, पण मला नजाहने शालीत गुंडाळून आणलं. मुनीरचा आवाज याने ऐकलाय, म्हणायची.

कार्ल्सरूहेतही अदनानची सवय सुटली नाही. जर्मन शेजाऱ्यांना अरबी ओ की ठो कळत नाही, तरी बोलायच्या आधी बटण फिरलंच पाहिजे. इथे रविवारी खिळा ठोकायचीही चोरी, आणि आमच्या घरी गाण्यांचा गोंगाट. एका रविवारी वरच्या मजल्यावरची सुकन्या वैतागून भांडायलाच खाली आली आणि भरल्या द्राक्षपानांची ताटली घेऊन परत गेली. त्यानंतर ती नजाहला खाला, म्हणजे मावशी, म्हणू लागली आणि अदनानला अम्मो, म्हणजे काका. गंमत म्हणजे आपल्या घरातले दिवाळीचे वाद सांगतानाही ती अम्मोंसारखीच आधी माझं बटण फिरवायची, आणि तिघंही हसायची.

मग परवाच्या डिसेंबरात तिकडे सीरियात लेकाचं राज्य एकाएकी कोसळलं. तुरुंग उघडले. नजाहच्या चुलतभावाला मुनीर सापडला. जिवंत! पण तो बोलत नव्हता. खायला दिलं तर खायचा, नाहीतर भिंतीकडे बघत बसायचा. नजाहने अन्नपाणी सोडायचं तेवढं बाकी ठेवलं. त्याने एकदा मला ताई म्हणावं, मग मी मेले तरी चालेल, असं ती मोडक्यातोडक्या जर्मनमध्ये सुकन्याला म्हणाली.

शेवटी एका रविवारी सकाळी सुकन्याने आपला लॅपटॉप खाली आणला. मोठ्या पडद्यावर बहीण नीट दिसली तर बोलेल, अशी आशा. मी बाजूलाच होतो. पडद्यावर एक पांढऱ्या केसांचा म्हातारा आला. मी ओळखलंच नाही. नजाह हाका मारत होती, जुन्या गल्लीची, आईच्या हातच्या जेवणाची आठवण काढत होती. तो गप्प. तेवढ्यात नजाह म्हणाली, "तुला कोणी पकडून दिलं रे?" आणि अदनानचा हात सवयीने माझ्या बटणाकडे गेला. आवाज वाढला.

मित्रांनो, पुढे जे झालं त्याने माझ्या अंगातल्या तारा अजून थरथरतात.

मुनीरने दोन्ही हातांनी डोकं झाकलं आणि तो टेबलाखाली शिरला. तिथून त्याचा आवाज आला. तेरा वर्षांनी पहिला. "बंद करा. सांगतो, बंद करा." नजाहने माझी वायर उपटली. मग तो टेबलाखालूनच बोलत राहिला. चौकशी करणाऱ्या साहेबाच्या टेबलावर रेडिओ असायचा. मारायच्या आधी तो आवाज वाढवायचा आणि हसून म्हणायचा, "तुमच्या घरी असंच बोलतात ना? आता बोल. उद्या नातू बसेल, पुढे काय?"

सुकन्याला अरबी येत नाही, ती नुसती एकेकाच्या तोंडाकडे बघत होती. नजाहने सावकाश मान वळवली. त्या संध्याकाळी जेवायला तिघंच होते.

मला वाटलं, अदनान काहीतरी बोलेल, नाही म्हणेल. मीच मनातल्या मनात ओरडत होतो, नाही म्हण! पण तो आपल्या हाताकडे बघत होता. गुप्त पोलिसांतला एक माणूस दर गुरुवारी दुकानात यायचा, अदनान सांगू लागला. चहा प्यायचा, लेकीची चौकशी करायचा, ती कुठल्या वाटेने कॉलेजला जाते तेही त्याला ठाऊक होतं. मग म्हणायचा, काहीतरी सांग. वर्षानुवर्षं त्याला बिनकामाचं काहीबाही सांगून वाटेला लावलं.

"त्या गुरुवारी माझ्याकडे दुसरं काही नव्हतं," अदनान म्हणाला.

अरे देवा! दुसरं काही नव्हतं म्हणून माणूस दिला?

नजाहने एवढंच विचारलं, "आणि तुरुंगाच्या दारात माझ्यासोबत रडलात, ते?"

"ते खरं होतं. मला तो परत हवा होता."

त्या उत्तराने मी जास्त हादरलो. तो खोटं बोलला असता तर बरं झालं असतं. ज्या हाताने मला एवढी वर्षं पुसलं, तोच हात. ते अश्रूही खरेच. याची संगती मला आजपर्यंत लागलेली नाही.

नजाहने मला सुकन्याच्या हातात दिलं आणि घेऊन जा म्हणाली. म्हणून मी वरच्या मजल्यावर आलो. सुकन्या माझी धूळ पुसते, पण लावत नाही. लेकीचं म्हणणं, बाबांना घराबाहेर काढ. नजाह म्हणते, ते नंतर बघू. आधी मुनीर बोलला पाहिजे. कारण त्या दिवसानंतर तो पुन्हा मुका झाला होता.

मित्रांनो, म्हातारा रेडिओ तुमच्याकडे काय मागणार? धूळ पुसली नाहीत तरी चालेल, अडगळीत टाकलंत तरी चालेल. पण ज्या घरात आपलं बोलणं झाकायला माझ्यासारख्याची गरज पडते, ते घर माझ्यामुळे सुरक्षित आहे असं कधी समजू नका. आणि आपल्या माणसाचं बोलणं सांभाळा. ते आपल्यापाशी विश्वासाने ठेवलेलं असतं.

परवाच्या रविवारी खालची खिडकी उघडी होती. नजाहने स्वतःच फोन लावला होता, स्पीकरवर. आवाज वर स्वच्छ येत होता, कारण खाली दुसरा कसलाच आवाज नव्हता. बराच वेळ तीच एकटी बोलत होती. मग पलीकडून अगदी हळू प्रश्न आला, "ताई, तो घरात आहे?"

नजाहने आवाज मुळीच लहान केला नाही.

"आहे. समोरच बसलाय. ऐकतोय. तू बोल."