उद्धवरावांची टकटक

काळावर हुकमत गाजवण्याचं भाग्य कोट्यवधींत एखाद्यालाच लाभतं. भैंशाच्या जिनिंगमधले वायरमन उद्धवराव त्यांपैकी एक. त्यांच्या मनगटावरचं घड्याळ मात्र कायम बंद असायचं.

त्यांची सत्ता एका लोखंडी पेटीपुरती. आत दोन टायमर. पहिल्याने दुसऱ्याला उठवायचं, दुसऱ्याने पहिल्याला झोपवायचं. जुन्या नवराबायकोसारखं चाललेलं. त्यावर कापूस वाहणाऱ्या पट्ट्याचा लाल दिवा लुकलुकायचा आणि पेटी बोलायची, टक... टक. पट्ट्यावरच्या कापसातून काडीकचरा वेचणाऱ्या बाया त्याच ठेक्यावर गात. हातही त्याच ठेक्यावर चालत.

पंच्याण्णव साली मालक केशवरावांनी पीएलसी, म्हणजे यंत्रं चालवणारा छोटा संगणक, आणलं. हैदराबादचा इंजिनियर म्हणाला, "चाचा, इसमें एक सेकंद की पल्स अंदर ही बनी हुई है. टायमर की जरूरतच नहीं." त्याने प्रोग्राममध्ये एक कॉन्टॅक्ट टाकला. दिवा लुकलुकायला लागला, अगदी बिनआवाज. हातातला चहा निवायच्या आत उद्धवरावांचं राज्य खालसा.

"पेटी भंगारात टाका," केशवराव म्हणाले, "अन् तुमी उद्यापासून गेटवर बसा."

दुसऱ्या दिवशी पट्ट्यावरच्या मालनबाईने गाणं उचललं, शेजारची चंद्रभागा भलत्याच ठेक्यावर उतरली. हात रेंगाळले, कचरा कापसासोबत पुढे निघाला.

"काऊन वं, हात दुखून राह्यले का?" केशवराव कडाडले.

"हाताले काय झालं? ठेका गेला ना, मालक!" मालनबाई म्हणाली.

उद्धवराव गेटवरून थेट आत आले. जुन्या पेटीतला कॉन्टॅक्टर, तो टकटक वाजणारा स्विच, त्यांनी इंजिनियरपुढे ठेवला. "साब, तुम्हारी पल्स इसपर डालो."

टकटकटकटक! दर सेकंदाला चिकटायचा एक आवाज, सुटायचा एक.

"अगं माय," चंद्रभागा हसली, "कोंबडी दाणे टिपून राह्यली!"

उद्धवरावांनी डोकं खाजवलं. "साब, एक ठोके पे चिपकना, अगले पे छूटना. ऐसा होता क्या?"

"होता है, चाचा." इंजिनियरने हसत प्रोग्राममध्ये दोन ओळी वाढवल्या.

टक... टक. तोच जुना, संथ आवाज. पट्ट्यापाशी गाणं उठलं, हात चालू लागले. केशवरावांनी पट्ट्यावरचा कापूस मूठभर उचलून पाहिला. मग घसा खाकरून म्हणाले, "गेटवर दुसरा माणूस पाहू."

उद्धवराव पेटीचं झाकण लावू लागले. तेवढ्यात मालनबाईने हात करून बोलावलं. त्यांनी कॉलर नीट केली, डोळे पुसले आणि कौतुक ऐकायच्या तयारीने जाऊन उभे राहिले.

"बोला, मालनबाई."

"भाऊ, तो रांजणावरचा नळ टपटपून राह्यला, ठेका चुकते. तेवढा वायसर टाकून द्या."