न सोडलेली सेमीफायनल

आमच्या दोह्यातल्या मराठी मंडळाला सत्कार करायला कारण लागत नाही, फक्त माणूस लागतो. शाल, श्रीफळ, गुच्छ, चार फोटो आणि वर अध्यक्षांचं भाषण. अध्यक्ष म्हणजे विजयदादा. अल थुमामाला स्टेडियम उभं राहत होतं, तिथल्या एका कंत्राटदाराकडे ते मोठे साहेब. कतारला फुटबॉलचा वर्ल्ड कप यांनीच पुण्याहून येताना पिशवीत घालून आणला, असा सगळा थाट. माझं आणि त्यांचं पहिल्यापासून पटत नाही, हे आधीच सांगून टाकते.

त्या वर्षी सत्काराला त्यांना कोच फांग सापडली.

फांग शुयान एके काळी चीनची महिला एकेरीतली चॅम्पियन होती. गुडघे गेले, खेळ सुटला, आणि फिरत फिरत ती दोह्यात येऊन आमच्या पोरींना बॅडमिंटन शिकवायला लागली. माझी अनुष्का आणि चिपळूणच्या परकारांची अनीसा या तिच्या दोघी लाडक्या. तिला लाड करता येत नाहीत ही गोष्ट वेगळी. मी दिवसाआड दोह्याबाहेरच्या मेसईदहून अनुष्काला गाडीने घेऊन यायची. काल जिथून वळलो तिथे आज सिमेंटचे ठोकळे आडवे, असे ते दिवस. परत जाताना कोचला तिच्या घरी सोडायची, त्यामुळे आमची गट्टी जमली.

तर सत्कार. मी कोचच्या शेजारी बसून इंग्रजीत सांगत होते काय चाललंय ते. विजयदादांनी आदल्या दिवशी इंटरनेटवर काहीतरी वाचलेलं. माईक हातात घेऊन म्हणाले, "स्वतः ऐन भरात असताना, केवळ देशाला सुवर्णपदक मिळावं म्हणून यांनी आपली सेमीफायनल सहकारी खेळाडूला सोडली. याला म्हणतात त्याग. आपल्या मुलींनी यांच्याकडून हे शिकावं."

टाळ्या पडल्या. कोचने मला विचारलं, "या कशाबद्दल?"

मी सांगितलं. तिने नारळ मांडीवर नीट ठेवला आणि फोटोसाठी हसली.

गाडीत बसल्यावर मात्र तिचा बांध फुटला. तिचं इंग्रजी तुटकं, मी माझ्या शब्दांत सांगते. सहा-सात वर्षांची असताना तिला शाळेतून उचलून खेळाच्या वसतिगृहात टाकलं. आईबाप दिसायचे नव्या वर्षाला. पहाटे धावणं, मग कोर्ट, मग पुन्हा कोर्ट. राज्यात पहिली, देशात पहिली, मग आशियात, मग जगात पहिली. त्या मोठ्या स्पर्धेच्या सेमीफायनलला समोर तिच्याच संघातली मुलगी आली. तिला हिने आधी कितीदा तरी हरवलेलं. सकाळी नाश्त्याला संघाचे साहेब येऊन बसले. हिच्या ताटात एक बन वाढला आणि म्हणाले, फायनलला जी परदेशी पोरगी येणार, तिच्यापुढे तू अडखळतेस, ही अडखळत नाही. आज तू हरायचंस. पण सहज नाही, तिसऱ्या गेमपर्यंत न्यायचं. लोक तिकीट काढून येतात.

"मी अगदी थोडक्यात हरले," कोच म्हणाली. "एकालाही कळलं नाही. जिंकायला लागतं त्याच्यापेक्षा जास्त कसब लागलं मला त्या दिवशी. माझ्या आयुष्यातली सगळ्यात चांगली मॅच ती. आणि तुमचा माणूस म्हणतो मी दिली. मी दिली नाही. माझ्याकडून घेतली. आणि वर तो मला नारळ देतो."

ती मुलगी सुवर्णपदक घेऊन आली, असं कोच म्हणाली, आणि त्यानंतर तिने हिच्या नजरेला नजर दिली नाही. पुढच्या वर्षी गुडघा गेला. परत ती सेमीफायनल खेळायला मिळालीच नाही.

ही गोष्ट इथेच संपली असती तर मी विजयदादांना मनातल्या मनात चार शिव्या घालून गप्प बसले असते. पण थोड्याच दिवसांत दोह्यातल्या सगळ्या मंडळांची, क्लबांची स्पर्धा आली. जिंकेल त्या मुलीला नव्या इनडोअर हॉलच्या उद्घाटनाला, वर्ल्ड कपच्या पाहुण्यांसमोर खेळायला मिळणार. ड्रॉ लागला. एका सेमीफायनलला आमच्या अनुष्का आणि अनीसा समोरासमोर. दुसरीकडून इंडोनेशियन क्लबची पोरगी फायनलला येणार हे नक्की, आणि फायनल त्याच संध्याकाळी.

विजयदादांनी फोन केला तो माझ्या नवऱ्याला. मला कशाला करतील.

श्रेयसने जेवताना विषय काढला. "दादांचं म्हणणं असं की त्या इंडोनेशियन मुलीकडून अनुष्का दोनदा हरलीय. अनीसाने तिला हरवलंय. मग या दोघी आपसात लढून दमणार आणि कप तिसरीच नेणार. त्यापेक्षा अनुष्काने सेमीफायनल लवकर आटपावी. मंडळाचं नाव होईल."

"आटपावी म्हणजे?"

"म्हणजे सोडावी, नमिता. एका मॅचने काय आभाळ कोसळतंय?"

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. म्हटलं, "मंडळासाठी एवढा जीव तुटतोय तर दादांनी आधी खुर्ची सोडावी. ती कशी सुटत नाही वर्षानुवर्षं? उंटावरून शेळ्या हाकायला काय जातंय त्यांचं? पोरगी काय त्यांच्या साइटवरची क्रेन आहे, इकडून उचलली तिकडे ठेवली?"

"आई, इट्स ओके," अनुष्का म्हणाली. "मी बाबांना हो म्हटलंय."

ताटातल्या भाताकडे बघत म्हणाली. पंधरा वर्षांची पोर, हरायची तयारी करत होती. त्या वेळी मला विजयदादांपेक्षा श्रेयसचा राग आला. दादा परके होते, हा तर बाप.

मी तडक कोचला फोन लावला. म्हटलं, तू सांग तिला, तुझं ऐकेल. कोच म्हणाली, "नाही सांगणार. आज मी 'जिंक' सांगितलं तर तेही मीच ठरवलं. तिचं तिला ठरवू दे."

मी फोन आपटला. जळलं मेलं तुझं तत्त्वज्ञान, असं मराठीतच म्हटलं.

मॅचच्या दिवशी हॉल भरलेला. कोच म्हणाली, दोघीही माझ्याच, मी कुणाच्याच मागे बसणार नाही. आणि माझ्याशेजारी येऊन बसली. खेळ सुरू झाला आणि अनुष्काने पहिलं शटल बाहेर मारलं. दुसरं नेटमध्ये. तिसरं पुन्हा बाहेर. लोकांना वाटलं दडपण आलंय. श्रेयस बुटांकडे बघत बसलेला.

अनीसाला कुणीच काही सांगितलेलं नव्हतं. जिला मॅच द्यायची तिला विचारायची गरजच कुणाला वाटली नव्हती. पण पोरगी रोज अनुष्काबरोबर खेळणारी, तिला कळायला किती वेळ लागणार? चौथा पॉइंट तसाच मिळाल्यावर तिने शटल उचललं, अनुष्काकडे रोखून बघितलं आणि सर्व्हिस मुद्दाम नेटमध्ये मारली. अनुष्काने आपली बाहेर घालवली. अनीसाने पुढची पुन्हा नेटमध्ये. अंपायर उठून उभा राहिला.

"नीट खेळ," अनीसा नेटपाशी येऊन म्हणाली, आणि हे सगळ्या हॉलला ऐकू गेलं. "भीक नको मला. नाहीतर मी पण नेटमध्येच मारत बसेन, बसू इथेच."

अनुष्का लाल झाली. तिने एकदा बापाकडे बघितलं. श्रेयसने मान वर केली नाही. मग तिने रॅकेट दुसऱ्या हातात घेऊन तळवा पुसला, आणि तिथून पुढे काय खेळल्या दोघी. अनुष्काने पहिला गेम गेलेला असताना दुसरा ओढून आणला. तिसऱ्यात पडली, गुडघा सोलला, उठली. शेवटच्या पॉइंटला अनीसाचा स्मॅश आला, अनुष्काची रॅकेट लागली, शटल नेटच्या अलीकडेच पडलं. हरली. गुडघ्यांत डोकं घालून रडायला लागली, आणि अनीसा तिच्याजवळ बसून धापा टाकत होती. मला इतकं भरून आलं की काय सांगू. हरली तर हरली, आपली मॅच आपण हरली.

तेवढ्यात माईक खरखरला.

"आपल्या मंडळाच्या वतीने," विजयदादा म्हणाले, "कुमारी अनुष्काचे विशेष आभार. दिलेला शब्द तिने पाळला. आणि तेही प्रेक्षकांना कळू न देता. यालाच त्याग म्हणतात."

टाळ्या पडायला लागल्या. अनुष्काने वर बघितलं. "काका, नाही, मी खरंच..." पण ऐकतंय कोण? दादा हसून म्हणाले, "किती विनय आहे बघा." अनीसाचा चेहरा पांढरा पडला. तिचा विजयही गेला आणि हिचा पराभवही.

कोचने माझा दंड धरला. "काय म्हणतोय?"

मी सांगितलं. ती दुखरे गुडघे सावरत कोर्टवर गेली, दोघींसमोर उभी राहिली आणि म्हणाली, "पुन्हा खेळता?"

"अहो, काय वेडेपणा," विजयदादा ओरडले. "तासाभरात फायनल आहे. अनीसाला दमवू नका. खलास, मॅच संपली."

अनीसा तोवर उभी राहिली होती. तिने हात देऊन अनुष्काला उठवलं. अंपायर म्हणाला, मी मोजणार नाही. तेव्हा श्रेयस खाली उतरला, कुणाशी न बोलता अंपायरच्या जागी जाऊन उभा राहिला आणि म्हणाला, "लव्ह ऑल. प्ले."

एकच गेम खेळल्या, पण शेवटपर्यंत कळत नव्हतं कोण जिंकणार. हॉलमध्ये कुणी चहालाही उठलं नाही. बावीस-वीसने अनुष्का परत हरली. दमलेली अनीसा फायनलही हरली, आणि कप इंडोनेशियन क्लबने नेला. विजयदादा दोन्ही घरांशी बोलेनासे झाले.

त्या पुन्हा खेळलेल्या गेमनंतर माईक बंदच होता. अनुष्काचे आभार कुणी मानले नाहीत.