साखरपुड्याचं उलटं रीळ

लीलाचा साखरपुडा माघात झाला आणि श्रावणात मोडला. मधल्या काळात एवढंच घडलं, की मध्यभारत राज्य जाऊन राजधानी भोपाळला जाणार हे नक्की झालं, आणि सचिवालयातल्या तिच्या नियोजित वराला, जयसिंहरावांना, भोपाळात बंगला मिळवून देणारा सासरा हवासा वाटू लागला. लीलाच्या वडिलांची तर जहागीरच गेलेली. वारा येईल तशी पाठ द्यायची ही जयसिंहरावांच्या घराची जुनी रीत. कमरेला तलवारी होत्या तेव्हाही ते असंच करत, असं जुन्या गोरखी वाड्याकडचे लोक म्हणतात.

नकाराचा निरोप आला, तोही कारकुनाकरवी. लीला रडली नाही. बायकांनी 'समजूतदार पोर' म्हणून तिची पाठ थोपटली, ते तिला जास्त झोंबलं. तिला समजूत नको होती. जयसिंहरावांची मान चारचौघांत खाली गेलेली तिला बघायची होती.

तिचे काका महिपतराव दरबाराच्या शिकारखान्यात फिल्म घ्यायचे. संस्थान विलीन झालं, खातं बुडालं, आणि कॅमेरा व पडद्यावर दाखवायचं यंत्र काकांना बक्षीस मिळालं. साखरपुड्याची फिल्मही त्यांनीच घेतली होती. रिळात थोडी जागा उरली होती म्हणून ते मुंबईला धुवायला गेलंच नव्हतं. त्या उरलेल्या जागेत लीलानं चुलीवरचं दूध उतू जाताना घ्यायला लावलं, पार भांडं करपेपर्यंत.

"हे कसलं चित्र गं? ना माणूस, ना गोष्ट."

"माझा राग आहे, काकासाहेब. तुम्ही फक्त कॅमेरा हलवू नका."

रीळ धुऊन आलं. ते संपेपर्यंत पाहून झालं, आणि काकांचा हात चुकून रीळ उलटं फिरवायच्या खटक्यावर पडला. चुलीत सांडलेलं दूध वर चढून मुकाट्यानं भांड्यात गेलं. लीला ताठ बसली. मग सारा साखरपुडा उलटा आला आणि तिला हवं ते हत्यार सापडलं.

फक्त शेवट नको होता. तिथं ती एकटीच पाटावर बसून दाराकडं बघत होती. जयसिंहराव यायचे होते, आणि तिच्या चेहऱ्यावर आनंद मावत नव्हता. ते हसू त्या माणसाला पुन्हा दाखवायचं म्हणजे त्याच्या पाया पडायचं.

"तेवढ्यापुरता मी भिंगापुढं हात धरीन," ती म्हणाली.

सार्वजनिक गणपतीच्या मांडवात आरतीनंतर काकांची शिकारीची फिल्म दरवर्षी ठरलेली, त्यामुळं कुणी काही विचारलं नाही. पहिल्या रांगेत जयसिंहराव, त्यांच्या मातोश्री शांताबाईसाहेब, आणि शेजारी नवी सोयरीक: विजया आणि तिची आई. जयसिंहरावांचा विजयाशी साखरपुडा दसऱ्याला होता.

"अरे देखो, दूध वापस जा रहा है!" पोरं ओरडली.

मग पडद्यावर जयसिंहराव आले. त्यांनी लीलाच्या बोटातली अंगठी काढली आणि डबीत ठेवली. शांताबाईसाहेबांनी लीलाच्या तोंडातून अख्खा पेढा काढला आणि तबकात परत ठेवला. मांडव हसून लोळला. जयसिंहरावही उसनं हसले.

पुढं ओटी आली. लीलाच्या पदरातला नारळ शांताबाईसाहेबांनी उचलून घेतला. मग तांदूळ. दाणान् दाणा पदरातून उठून त्यांच्या ओंजळीत गेला, आणि पोरीचा पदर रिकामा राहिला. हसणं थांबलं. भरली ओटी रिती करणारा हात कुठल्याही बाईला बघवत नाही.

"बंद करा ते!" शांताबाईसाहेब कडाडल्या.

"मध्येच थांबवलं तर फिल्म जळते, बाईसाहेब," काका अगदी नम्रपणे म्हणाले.

जयसिंहराव पाठमोऱ्या पावलांनी दाराबाहेर गेले. पडद्यावर लीला एकटी उरली, दाराकडं बघून हसणारी. यंत्राजवळ उभ्या लीलानं हात उचलला. मग तिनं पहिल्या रांगेकडं पाहिलं. जयसिंहराव जमिनीकडं बघत होते.

तिनं हात खाली घेतला.

"वर बघा की, जयसिंहराव," ती सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली. "अशी बसले होते मी तुमच्यासाठी. बघा."

त्यांना मान वर करता आली नाही. पडद्यावरची पोर हसत राहिली, रीळ संपेपर्यंत.

दिवे लागले. विजयाच्या आईनं शांताबाईसाहेबांना हळूच विचारलं, "आमच्या मुलीची ओटी भराल, ती तिच्याकडंच राहील ना हो?" विजया तोवर उठून बाहेर गेली होती.

"काकासाहेब, अब सीधा चलाओ ना!" मागून पोरांनी गलका केला.

"सुलटं नाही चालायचं आता," लीला म्हणाली. तिनं रीळ काढून पदरात घेतलं आणि मांडवातून बाहेर पडताना एकदा मागं वळून पाहिलं. जयसिंहरावांची मान अजून खालीच होती. तिला फार, फार बरं वाटलं.