वस्तऱ्याचा हात

सलूनवाल्या काकांवरचा तिचा माहितीपट सात मिनिटांचा होता आणि उद्या संध्याकाळी वाचनालयात अख्खी गल्ली तो बघणार होती. तिच्या कामाचा नियम एकच: कॅमेरा लावायचा आणि समोर घडतं त्यात नाक खुपसायचं नाही. तीन आठवडे ती काकांच्या दुकानात कोपऱ्यातल्या स्टुलासारखी गप्प बसून होती. तिथे तिला काहीच जाणवलं नव्हतं. दिसलं ते संकलन करताना. काकांचा उजवा हात मोकळा असला की अंगठा आपोआप तर्जनीवर घासत राहायचा, सेकंदाला चार-पाच वेळा. वस्तरा गालाला टेकला की थांबायचा. अकरा दृश्यांत होतं ते. पहिल्या आठवड्यापेक्षा तिसऱ्यात जास्त.

गल्लीला हे दिसलं, तर परवापासून त्या खुर्चीत मान कोण मागे टाकणार? आणि कापून टाकलं, तर त्या मानांचं काय?

दुपारी ती लॅपटॉप घेऊन दुकानात गेली. काका आधी पडद्यावरच्या आपल्या सुटलेल्या पोटाला हसले. मग हसू मावळलं. ते दृश्य त्यांनी पुन्हा लावायला सांगितलं आणि बघता बघता उजवा हात मांडीखाली दाबला. म्हणजे त्यांना ठाऊक होतं.

हात कामाला लागला की शहाण्यासारखा वागतो, ते म्हणाले. आजवर कुणाला ओरखडासुद्धा नाही. तेवढं काढून टाक. घरी काकूंनाही सांगितलेलं नाही.

"काढते," ती म्हणाली. मग नियम मोडून, "पण डॉक्टरांना दाखवा, काका."

"सिनेमावाली होतीस ना गं? डॉक्टरीण कधी झालीस?"

तेवढ्यात निवृत्त मास्तर आले, खुर्चीत बसले आणि सवयीने डोळे मिटून त्यांनी हनुवटी वर केली. काकांनी फेस लावला. वस्तरा उघडला. आरशात त्यांनी तिच्याकडे पाहिलं. तिची नजर मास्तरांच्या गळ्यावर खिळली होती.

काकांनी वस्तरा मिटला. टॉवेलने फेस पुसून काढला.

"आज नुसते केस, मास्तर."

उद्या तुझा सिनेमा आणि मी असे दाढीचे खुंट घेऊन येऊ का, मास्तर कुरकुरले.

"या तसेच." मग तिच्याकडे न वळता, "राहू दे ते. काढू नकोस. काकूला आज मीच सांगतो."

काय काढायचं नाही, मास्तरांनी एक डोळा उघडून विचारलं. काकांनी उजवा हात खुर्चीच्या दांड्यावर, त्यांना दिसेल असा, सैल ठेवला.