किटीज म्हणायचा हक्क

"कम ऑन, किटीज!" शैलेंद्रचा साहेब रॉन स्टेडियममधल्या खुर्चीतून उठून ओरडला आणि ऑफिसच्या माणसांची आख्खी रांग हसली.

शैलेंद्रही हसला. तो पाठ करून आला होता. डेट्रॉइटचा बेसबॉल संघ म्हणजे टायगर्स. पण हरायला लागला की इथलीच माणसं त्याला 'किटीज' म्हणतात, मांजरीची पिल्लं. न्यूयॉर्कचे मेट्स म्हणजे 'मट्स', गावठी कुत्री. यँकीज तर 'एव्हिल एम्पायर', दुष्ट साम्राज्य. रविवारभर बसून त्यानं ही टोपणनावं वहीत उतरवली होती. अठ्ठेचाळिसाव्या वर्षी, शिकल्यासवरल्या इंजिनियरनं! लाज वाटायचीच तर त्याला का वाटावी? ज्यांनी ही वेळ आणली त्यांना वाटू दे.

डेट्रॉइटजवळच्या नोव्हाय गावातल्या कंपनीत सतरा वर्षं तो गाड्यांची दारं तपासत होता. यंत्र दार उघडतं, आपटतं, हजारो वेळा. शैलेंद्र कान देऊन ऐकतो. कामात खोट नव्हती. पण शुक्रवारी माणसं काढायची यादी लागणार होती, आणि त्याच्या विभागातली नावं रॉन देणार होता. ग्रीन कार्ड अजून रांगेत. नोकरी गेली तर साठ दिवसांत दुसरी शोधायची, नाहीतर नागपूर.

"जा ऑफिसच्या लोकांबरोबर त्या मॅचला," त्याची बायको शुभा म्हणाली होती. "सतरा वर्षं डबा उघडून एकटा जेवतोस. मिक्स हो ना जरा! काम कोण बघतंय, यार? तोंडं बघतात."

पुढच्या रांगेतला, समोरच्या संघाची, क्लीव्हलंडची टोपी घातलेला माणूस मागे वळला. "काय, तुमच्या किटीजना दूध पाजायचं का?"

ओळखीचा शब्द आला म्हणून शैलेंद्र हरखला. "येस! किटीज! लिटल किटीज! घरी पाठवा त्यांना!" त्यानं त्या माणसाला टाळी दिली.

रांगेतल्या माना त्याच्याकडे वळल्या. रॉननं बिअरचा ग्लास खाली ठेवला. "त्याच्यासोबत नाही रे, शैल," तो हळूच म्हणाला.

तेव्हा शैलेंद्रच्या डोक्यात प्रकाश पडला. नागपुरात मोठ्या भावाला घरात सगळे 'भोपळ्या' म्हणायचे. नाव शैलेंद्रनंच ठेवलेलं. गल्लीतला एकजण तेच म्हणाला, तर शैलेंद्रनं त्याचा दात पाडला होता. शब्द पाठ केले आणि नियमच विसरला, गाढव!

"निदान तुमचा हा फॉरेनर तरी खरं बोलतो," टोपीवाला खिदळला.

रॉन ताडकन उठला. "फॉरेनर कुणाला म्हणतोस? तो आमचा आहे. डेट्रॉइटचा. तोंड सांभाळ!"

रांगेनं टाळ्या पिटल्या. कुणीतरी शेंगदाण्यांची पिशवी शैलेंद्रच्या मांडीवर टाकली.

"आमचा म्हणाला गं! सगळ्यांसमोर!" घरी येऊन त्यानं शुभाला तीनदा सांगितलं. तिनं सांजा केला.

शुक्रवारी यादीत त्याचं नाव होतं. रॉननंच दिलेलं, मॅचच्या आदल्या दिवशी.

आणि तरी रॉन मॅचमध्ये खोटं बोलला नव्हता. तो लबाड असता तर एक शिवी हासडून मोकळं होता आलं असतं. तीही सोय ही माणसं ठेवत नाहीत.

एचआरची बाई त्याचं सामान भरायला रिकामा खोका घेऊन टेस्ट रूमच्या दाराशी उभी राहिली. आत यंत्र चालू होतं.

"चाळीस मिनिटं द्या," शैलेंद्र म्हणाला. "टेस्ट संपत आलीय. मध्येच बंद केली तर पहिल्यापासून करावी लागते."

बाईनं मागून आलेल्या रॉनकडे पाहिलं. "लेट हिम," रॉन म्हणाला. तो गेला नाही. हात खिशात घालून शैलेंद्रशेजारी उभा राहिला. यंत्रावरचं गाडीचं दार उघडत होतं, आपटत होतं.

"खालची बिजागरी," शैलेंद्र एकदम म्हणाला. "सैल होतेय. ऐकलंस?"

रॉननं मान हलवली. नाही.

शैलेंद्रनं त्याचा हात खिशातून काढला, चौकटीवर बिजागरीच्या वर टेकवला आणि धरून ठेवला, थरथर त्याच्या हाताला जाणवेपर्यंत.