कपाटामागची भिंत

“कपाटाला हात लावलास तर याद राख!” सासरे खोकत खोकत ओरडले.

मी मास्क लावून, रबरी हातमोजे घालून, साबणपाण्याची बादली घेऊन उभी होते. डॉक्टरांनी बजावलं होतं, खोलीतली बुरशी काढा, नाहीतर यांना ॲडमिट करावं लागेल. पण या माणसाला सांगणं म्हणजे पालथ्या घड्यावर पाणी. लोकांचे पंप दुरुस्त करण्यात जन्म गेला आणि स्वतःच्या भिंतीची ओल कळली नाही. सासूबाई गेल्या तेव्हा त्यांनी कपाट एकट्याने ढकलून भिंतीला चिकटवलं, ते आजतागायत हलू दिलं नव्हतं.

“बाबा, बाहेर जा. हे छातीत जाईल तुमच्या.”

“खोली पाहिजे ना तुला? सरळ बोल की!”

“हो, पाहिजे! झालं समाधान?”

“मग ब्लीचमध्ये ॲसिड ओत. एका दमात निघेल सगळं.”

“आणि आपणही निघू. विषारी वायू होतो त्याचा.”

खोटं कशाला सांगू, मला त्या क्षणी ते डोळ्यांसमोर नको होते. मी खिडकी सताड उघडली आणि कपाटाला खांदा लावला. ते अडवायला धावले, पण खोकल्याची उबळ आली आणि मटकन खाटेवर बसले. कपाट सरकलं. मागची भिंत काळी ठिक्कर पडली होती.

“डाग कुठाय?” त्यांनी विचारलं.

“कसला डाग? सगळी भिंतच डाग झालीय!”

“तेलाचा. तिच्या डोक्याचा. इथं टेकून बसायची ती. तुम्ही लोक रंग फासाल म्हणून कपाट लावलं मी.”

“वारा कोंडलात, म्हणून तर बुरशी धरली!” माझ्या तोंडून निघून गेलं. शब्द परत घेता आले असते तर घेतले असते.

ते उठून दारापाशी गेले.

“हळू पूस,” एवढंच म्हणाले.

मी कोरडं काही घासलं नाही. भिंत भिजवली, फडक्याने टिपत टिपत पुसली, काळं झालेलं प्रत्येक फडकं पिशवीत बांधलं. शेवटी खाली नुसता चुना उरला. डाग नव्हता.

सासरे आत आले, गुडघे धरत जमिनीवर बसले.

“भिंत ओली आहे. टेकू नका!” मी खेकसले.

त्यांनी डोकं टेकलं.