टेबलाच्या पायाखालचा बस्ता

मित्रांनो, मी एक जुना बस्ता आहे. एका खटल्याचे कागद लाल कापडात बांधलेले, एवढंच माझं रूप. माझ्या पाठीवर एक खोल वण आहे. तो कसा पडला, हे सांगायची मला लाज वाटते.

मी खालच्या कोर्टात जन्मलो. शिवणकाम करणाऱ्या एका बाईंच्या खोलीला एकच खिडकी होती. शेजाऱ्याने नवी भिंत बांधली आणि खिडकी आपल्या हद्दीत उघडते, अशी तक्रार केली. बाईंनी घराचा जुना नकाशा दिला. तो माझ्यात लावला गेला, पण निकाल लिहिताना कुणी उलगडलाच नाही. खिडकी बुजवा, असा हुकूम झाला.

बाई वरच्या कोर्टात गेल्या. तिथले न्यायाधीश म्हणाले, मूळ कागद मागवतो, महिनाभरात निकाल देतो, तेवढ्यासाठी हुकूम थांबवायला नको. खिडकीत विटा बसल्या आणि माझी रवानगी वरच्या कोर्टात झाली. माझी छाती फुगली होती. नकाशा माझ्याच पोटात होता ना!

पोचलो त्या दिवशी कारकुनाचं टेबल डुगडुगत होतं. आवक वहीत माझी नोंद होण्याआधीच शिपायाने मला तात्पुरतं म्हणून पायाखाली सरकवलं. कारकून खूश झाला. आता कसं छान बसलं, म्हणाला. खरं सांगतो, मीही सुखावलो. आयुष्यात माझं तेवढंच कौतुक झालं.

दर तारखेला बाई आणि त्यांचे यजमान माझ्यापासून हातभर अंतरावर उभे राहत. वही बघून कारकून सांगे, कागद आले नाहीत, पुढची तारीख घ्या. एकदा तो हसून म्हणाला, "कागदांना पाय फुटले की काय, कोण जाणे."

"पाय असते तर हाताला धरून आणलं असतं, भाऊ," बाई म्हणाल्या.

मला फक्त चपला दिसत. आधी बाईंच्या पुढे असत, यजमानांच्या मागे. बल्बखाली शिवून शिवून बाईंची नजर अधू झाली, तेव्हा यजमान पुढे आणि त्यांचा हात धरून बाई मागे. नवव्या वर्षी चपलांचा एकच जोड आला.

पुढे टेबल बदललं, तेव्हा मी सापडलो. न्यायाधीशांनी नकाशा उलगडला. खिडकी बाईंच्याच हद्दीत उघडत होती. पंधरा मिनिटांत खालचा हुकूम रद्द झाला. खिडकी उघडायला आता हरकत नाही, असं त्यांनी यजमानांना सांगितलं.

यजमान म्हणाले, "साहेब, सुईत दोरा ओवणारी गेली. आता उजेड कुणाला दाखवू?"

मित्रांनो, निकाल चुकू शकतो, म्हणून तर वरचं कोर्ट असतं. तुम्ही मोठे होऊन कुठल्याही टेबलाशी बसाल, तेव्हा डुगडुगत्या पायाखाली लाकडाचा तुकडा ठेवा. हाती आलेला कागद आधी नोंदवा, उघडा, वाचा. कुणीतरी त्याची वाट बघत समोरच उभं असतं.

आता माझी जागा फडताळात आहे, खिडकीजवळ. रोज दुपारी माझ्यावर ऊन पडतं. मला वळता आलं असतं, तर मी पाठ फिरवली असती.